शास्त्रीय इंग्रजी शब्द : उच्चार, अर्थ आणि उपदेशकाचें काम

वाचनाचे भाग : नहेम्या ८:१-१२, मत्तय ९:१-३८, १ करिंथ १४:६-१९



यरुशलेमांत पाणीवेशीसमोरच्या चौकांत सर्व लोक जमले असतां एज्रा शास्त्र्यानें नियमशास्त्राचा ग्रंथ उघडला, हा प्रसंग आपणांस ठाऊक आहे. ग्रंथ मोठ्यानें वाचला म्हणजे आपलें काम संपलें असें लेव्यांनीं मानिलें नाहीं. त्यांनीं शब्द स्पष्ट वाचले आणि त्यांचा अर्थ लोकांस उलगडून सांगितला. शेवटीं लोक आनंद करीत घरीं गेले, तें सांगितलेलें त्यांस समजलें होतें म्हणून.

खेड्यांतील उपदेशकापुढें आज असेंच एक काम नित्य येतें. तालुक्याच्या दवाखान्यांतून आलेला तपासणीचा कागद, औषधाच्या डबीवरील मजकूर, कीटकनाशकाच्या बाटलीवरील बारीक अक्षरें, हें पुष्कळदां इंग्रजींत असतें. मंडळींतील एखादी बाई तो कागद घेऊन येते व म्हणते, "मास्तर, एवढें वाचून सांगा." अशा वेळीं अर्थ चुकीचा सांगितला, तर ती केवळ भाषेची चूक राहत नाहीं, एखाद्याच्या जिवावर बेततें. म्हणून ह्या पाठांत आम्ही कांहीं कठीण इंग्रजी शब्दांचे उच्चार व अर्थ देत आहों. ते नुसते पाठ करूं नयेत. ते कसे बनले आहेत हें समजून घ्यावें. म्हणजे पूर्वीं न पाहिलेला शब्दही पुष्कळ अंशीं आपोआप उलगडतो.

१. हे शब्द मूळचे कोणाचे?

डॉक्टरांच्या तोंडचे लांबलचक शब्द ऐकून कित्येकांस वाटतें कीं, ही साहेबलोकांची कांहीं गूढ विद्या आहे. वस्तुतः त्यांतील बहुतेक शब्द मूळचे इंग्रजांचे नाहींत. ग्रीक व लॅटिन भाषांतील लहान लहान शब्द एकमेकांस जोडून ते बनविले आहेत. आणि ग्रीक भाषा आपणांस अगदींच परकी कशी म्हणावी? आपला नवा करार त्याच भाषेंत लिहिला गेला. पंडिता रमाबाईंनीं केडगांवीं राहून ग्रीक व इब्री ह्या भाषांचा अभ्यास केला, तो साध्या बायाबापड्यांस पवित्र शास्त्र सोप्या मराठींत वाचतां यावें म्हणून. १९२२ सालीं त्या प्रभूकडे गेल्या. त्यांचें भाषांतर १९२४ सालीं प्रसिद्ध झालें. अवघड भाषा शिकावी ती लोकांस सोपें करून सांगण्यासाठीं, हा कित्ता त्यांनीं आपणांस घालून दिला आहे.

आतां मत्तयाच्या शुभवर्तमानाचा नववा अध्याय घ्या. तो मूळ ग्रीकमध्यें वाचला, तर इस्पितळाच्या दारांवरील कित्येक पाट्या त्यांत सांपडतात.

प्रभूपुढें आणिलेल्या पक्षघाती मनुष्यास तेथें 'पॅरालुटिकॉस' म्हटलें आहे. त्याच घराण्यांतील इंग्रजी शब्द पॅरॅलिसिस, म्हणजे लकवा, अंगावरून वारें जाणें. तो ज्या बाजेवर निजला होता तिचें नांव 'क्लिने'. त्यावरून क्लिनिक, म्हणजे मुळांत बाजेवर पडलेल्या रोग्याची शुश्रूषा. शास्त्र्यांच्या अंतःकरणांतील वाईट विचार प्रभूनें ओळखले, तेथें अंतःकरणास 'कार्डिया' हा शब्द आहे. त्यावरून कार्डिऑलजी, म्हणजे हृदयाच्या रोगांची विद्या. निरोग्यांस वैद्याची गरज नसते असें प्रभु बोलला, तेथें वैद्यास 'इआत्रॉस' म्हटलें आहे. कलस्सैकरांस लिहिलेल्या पत्रांत पौलानें लूकासही हाच शब्द लाविला आहे. त्यावरून पीडिॲट्रिक्स, म्हणजे लेंकरांचें वैद्यक, आणि सायकायट्री, म्हणजे मनाच्या रोगांचें वैद्यक, हे शब्द झाले.

त्याच अध्यायांत बारा वर्षें रक्तस्रावानें पीडलेली स्त्री आहे. तिच्याविषयींच्या ग्रीक शब्दांत 'हैमा', म्हणजे रक्त, आणि वाहणें, हे दोन शब्द एकत्र झाले आहेत. इंग्रजींतील हेमरिज, म्हणजे रक्तस्राव, त्याच घडणीचा आहे. हीमोग्लोबिन व अनीमिया ह्या शब्दांतही हेंच रक्त आहे. अनीमिया ह्याचा अक्षरशः अर्थ 'रक्तावांचून'; आपण त्यास पंडुरोग म्हणतों. पुढें दोन आंधळ्यांच्या डोळ्यांस प्रभूनें स्पर्श केला. डोळा म्हणजे 'ऑफ्थाल्मॉस', त्यावरून ऑफ्थॅल्मॉलजी, नेत्ररोगांची विद्या. अध्यायाच्या शेवटीं प्रभु गांवोगांव सर्व रोग बरे करीत फिरला असें सांगितलें आहे. तेथील क्रियापद 'थेरापेउओ'. त्यावरून थेरपी, म्हणजे उपचार. ह्या क्रियापदाचा जुना अर्थ 'सेवा करणें' असा होता. ज्या भाषेनें सेवा आणि उपचार ह्यांस एकच शब्द दिला, तिनें उपदेशकास पुष्कळ कांहीं शिकविलें आहे.

कार्डिऑलजी, ऑफ्थॅल्मॉलजी ह्यांच्या शेवटीं जें 'लजी' ऐकूं येतें, तें 'लॉगॉस' ह्या शब्दापासून निघालें. योहानानें आपल्या शुभवर्तमानाच्या आरंभींच प्रभूस जो 'शब्द' म्हटलें आहे, तोच हा शब्द. विद्यांच्या नांवांत त्याचा अर्थ 'विवेचन' किंवा 'शास्त्र' असा घ्यावा.

२. उच्चाराचे पांच नियम

मराठींत जसें लिहावें तसें बहुधा वाचावें. इंग्रजींत तसें नाहीं. तथापि ग्रीकमधून आलेल्या शब्दांस कांहीं शिस्त आहे.

पहिला नियम. पी आणि एच हीं अक्षरें जोडून आलीं तर 'फ' म्हणावें : फार्मसी, फॉस्फरस. ऑफ्थॅल्मॉलजी ह्या शब्दांत पी-एच व टी-एच अशा दोन जोड्या लागोपाठ येतात, म्हणून आधीं 'फ', मग 'थ'. पुष्कळ लोक 'ऑप्थ' म्हणतात, तें बरोबर नव्हे.

दुसरा नियम. अशा शब्दांत सी आणि एच ह्यांचा उच्चार बहुधा 'क' होतो, 'च' नव्हे : क्रॉनिक, केमिस्ट.

तिसरा नियम. शब्दाच्या आरंभीं पी असून त्यापुढें एन किंवा एस आलें, तर पी मुकी राहते : न्यूमोनिया, सायकायट्री. आर नंतर आलेला एच देखील मुका असतो : रूमॅटिझम, हेमरिज.

चौथा नियम. शब्दाच्या शेवटीं जी व एन आलीं तर जी मुकी : बिनाइन. परंतु तीं शब्दाच्या मध्यें आलीं तर 'ग' बहुधा स्पष्ट उच्चारावा : मलिग्नंट.

पांचवा नियम जोर देण्याविषयींचा. 'लजी' शेवटीं असेल तर त्याच्या अगदीं मागच्या अक्षरावर जोर येतो : कार्डि-ऑ-लजी. 'आयटिस' शेवटीं असेल तर 'आय' वर जोर येतो : हेप-टाय-टिस. ह्या 'आयटिस'चा अर्थ दाह किंवा सूज. म्हणून हेपटायटिस म्हणजे यकृताचा दाह, आर्थ्रायटिस म्हणजे सांध्यांचा दाह.

आपल्या देवनागरी लिपीचा येथें मोठा उपयोग होतो. एक वही करावी, नवा शब्द भेटतांच त्याचे तुकडे पाडून देवनागरींत उच्चार लिहावा व समोर साध्या मराठींत अर्थ लिहावा. पन्नास शब्दांची अशी वही मोठ्या कोशापेक्षां खेड्यांत अधिक कामास येईल.

३. एका अक्षराचें अंतर

हायपर आणि हायपो ह्या दोन शब्दांकडे विशेष लक्ष द्यावें. ऐकावयास ते जुळ्या भावांसारखे आहेत, परंतु अर्थानें परस्परांच्या उलट. हायपर म्हणजे वर, प्रमाणाबाहेर अधिक. हायपो म्हणजे खालीं, प्रमाणाहून कमी. नव्या करारांतही हे दोन्ही आहेत. फिलिप्पैकरांस पत्राच्या दुसऱ्या अध्यायांत देवानें ख्रिस्तास अत्युच्च केलें असें सांगतांना पहिला शब्द योजिला आहे. इफिसकरांस पत्राच्या पांचव्या अध्यायांत एकमेकांच्या अधीन व्हावें असें सांगतांना दुसरा.

म्हणून हायपरटेन्शन म्हणजे रक्ताचा दाब वाढणें, आणि हायपोटेन्शन म्हणजे तो उतरणें. मधुमेहाच्या रोग्याच्या कागदावर ह्याहून लांब शब्द येतो : हायपो-ग्लाय-सीमिया. भिऊं नका; ह्यांत तीन विटा आहेत. हायपो म्हणजे कमी. ग्लाय हा 'ग्लुकुस', म्हणजे गोड, ह्यापासून. याकोबानें एकाच झऱ्यांतून गोड व कडू पाणी निघेल काय असें विचारिलें, तेथें हाच शब्द आहे. सीमिया ह्यांत शेवटीं पुन्हां 'हैमा', रक्त. एकत्र अर्थ : रक्तांतील साखर कमी होणें. पहिली वीट बदलून हायपरग्लायसीमिया म्हटलें, कीं अर्थ उलटला : रक्तांतील साखर वाढणें.

आतां हें अंतर किती भारी आहे तें पाहा. १९२१ सालीं कॅनडांतील टोरोंटो शहरीं बँटिंग व बेस्ट ह्यांनीं इन्सुलिनाचा शोध लाविला, आणि १९२२ पासून तें रोग्यांस मिळूं लागून असंख्य लोकांचे प्राण वांचले. इन्सुलिन साखर उतरवितें. ज्याची साखर आधींच उतरली आहे, ज्यास दरदरून घाम सुटला आहे, हातपाय कांपत आहेत, बोलणें असंबद्ध होत आहे, त्यास 'मधुमेह आहे ना, मग इन्सुलिन द्या' म्हणून कोणीं सुई टोंचली, तर तें प्राणघातक होऊं शकतें. त्यास शुद्ध असेल व गिळतां येत असेल, तर तत्काळ साखर किंवा गोड पाणी द्यावें. शुद्ध हरपली असेल तर तोंडांत कांहींही घालूं नये, व विलंब न लावितां इस्पितळांत न्यावें. एक 'पर' आणि एक 'पो', एवढ्यावर येथें माणूस जगतो किंवा मरतो.

४. कानाला फसविणारे शब्द

कांहीं शब्द कठीण नसतात, पण फसवितात. पॉझिटिव्ह हा त्यांतील पहिला. व्यवहारांत त्याचा अर्थ 'चांगलें' असा ऐकूं येतो; म्हणून तपासणीच्या कागदावर तो शब्द पाहून लोक हर्ष करितात, आणि निगेटिव्ह पाहून रडूं लागतात. तपासणींत पॉझिटिव्ह म्हणजे जें शोधिलें तें सांपडलें, निगेटिव्ह म्हणजे सांपडलें नाहीं. क्षयाच्या जंतूंकरितां थुंकी तपासली असतां पॉझिटिव्ह आलें, तर जंतु आहेत असें समजावें, व औषधोपचारास एक दिवसही उशीर करूं नये.

अक्यूट व क्रॉनिक ही दुसरी जोडी. अक्यूट हा लॅटिनमधील 'टोंकदार' अशा अर्थाच्या शब्दापासून झाला. रोगाविषयीं त्याचा अर्थ 'एकाएकीं उद्भवलेला'. क्रॉनिक हा 'क्रॉनॉस', म्हणजे काळ, ह्यापासून. अर्थ 'दीर्घ काळ चालणारा'. क्रॉनिक म्हणजे भयंकर असें नव्हे, आणि असाध्य असेंही नव्हे. रक्तदाबाचा विकार क्रॉनिक आहे असें सांगितलें, तर त्याचा भावार्थ एवढाच कीं, बरें वाटलें म्हणून डॉक्टरांस न विचारतां गोळ्या सोडूं नयेत.

तिसरी जोडी बिनाइन व मलिग्नंट. गांठीविषयीं बिनाइन म्हटलें तर ती कर्करोगाची नाहीं. मलिग्नंट म्हटलें तर कर्करोगाची आहे. बायॉप्सी हें मात्र कोणत्याही रोगाचें नांव नव्हे. शरीरांतील लहानसा तुकडा काढून सूक्ष्मदर्शकाखालीं पाहणें ह्यास बायॉप्सी म्हणतात. 'बायॉप्सी झाली' ह्या शब्दांवरून कोणाच्या घरीं शोक सुरू होऊं नये.

५. बाटलीवरील शब्द

शेतकरी बांधवांस लागणारा शब्द टॉक्सिक, म्हणजे विषारी. ग्रीकमध्यें 'टॉक्सॉन' म्हणजे धनुष्य. प्रकटीकरणाच्या सहाव्या अध्यायांत पांढऱ्या घोड्यावरील स्वाराच्या हातीं तेंच आहे. बाणाच्या टोंकास लावावयाच्या विषावरून हा शब्द सर्व विषांस लागला. बाटलीवर दुसरा शब्द असतो अँटिडोट, म्हणजे विषावरील उतारा. त्याचा मूळ अर्थ 'विरुद्ध दिलेलें'. विषबाधा झाली असतां रोग्याबरोबर ती बाटलीही इस्पितळांत न्यावी, कारण कोणतें विष आहे व त्यावर उतारा काय, हें डॉक्टरांस तीवरून समजतें.

आपल्या देशांत कीटकनाशकाच्या बाटलीवर रंगाची खूण छापलेली असते. तांबडा रंग अत्यंत विषारी, पिवळा त्याच्या खालोखाल, निळा मध्यम, हिरवा सौम्य. हिरवा म्हणजे निर्धोक असें कोणीं समजूं नये. तेंही विषच आहे. २०१७ सालीं यवतमाळ जिल्ह्यांत कापसावर फवारणी करितांना विषबाधा होऊन अनेक शेतकरी व मजूर मृत्यु पावले, हें आपण विसरूं नये. फवारणीच्या हंगामापूर्वीं एका रविवारीं उपासनेनंतर बाटलीवरील सूचना उपदेशकानें मोठ्यानें वाचून त्यांचा अर्थ सांगितला, तर ती देखील शेजाऱ्यावरील प्रीतीच होय.

फार्मसी ह्या शब्दाविषयींही एक गोष्ट लक्षांत असावी. ग्रीक 'फार्माकॉन' म्हणजे औषध आणि विष, दोन्ही. गलतीकरांस पत्राच्या पांचव्या अध्यायांत देहाच्या कर्मांत जें चेटूक सांगितलें आहे, तो शब्द ह्याच घराण्याचा. औषध मंत्रासारखें मानून शेजाऱ्याची गोळी आपण घेणें, किंवा दोन दिवसांचा डोस एकदम घेणें, म्हणजे औषधाचें पुन्हां विष करणें होय.

६. एका नांवानें झालेली जखम

लेप्रसी हा शब्द ग्रीक 'लेप्रा' ह्यापासून आला. मूळ अर्थ खवले पडलेली त्वचा. पवित्र शास्त्रांत हा शब्द त्वचेच्या अनेक विकारांस लाविला आहे. आज ज्यास आपण कुष्ठरोग म्हणतों, तेवढाच त्याचा अर्थ नाहीं. नॉर्वे देशांतील वैद्य हॅन्सन ह्यांनीं १८७३ सालीं ह्या रोगाचा जंतु शोधून काढिला. म्हणून डॉक्टर त्यास हॅन्सनचा रोग असेंही म्हणतात. हा शाप नव्हे, पापाचें फळ नव्हे, वंशपरंपरेचा डागही नव्हे. हा जंतूचा रोग आहे. जागतिक आरोग्य संघटनेनें १९८१ सालीं अनेक औषधें एकत्र देण्याची पद्धत सुचविली. ती पद्धत पूर्ण पाळली असतां रोगी बरा होतो. लवकर उपचार केल्यास हातपायांचें व्यंगही टळतें.

तरी एखाद्या कुटुंबाविषयीं हा शब्द कोणीं कुजबुजला, कीं त्या घरच्या मुलीचें लग्न अडतें, पाणवठ्यावर लोक अंतर राखितात. रोग औषधानें गेला, परंतु शब्दानें केलेली जखम राहिली. प्रभूनें अशा मनुष्यास प्रथम हात लाविला, हें मत्तयाच्या आठव्या अध्यायांत आहे. म्हणून हा शब्द उच्चारण्यापूर्वीं उपदेशकानें दोनदां विचार करावा, आणि उच्चारल्यास त्याचा खरा अर्थही तेथेंच सांगावा.

७. शिब्बोलेथ न व्हावें

शास्तेच्या बाराव्या अध्यायांत यार्देनेच्या उतारावर गिलादी लोकांनीं एफ्राइमी लोकांस 'शिब्बोलेथ' म्हणावयास लाविलें. ज्यांस 'श' म्हणतां आला नाहीं ते मारिले गेले. त्या वेळीं बेचाळीस हजार पडले. शुद्ध उच्चार शिकण्यांत हा एक मोठा धोका आहे. ज्यास 'हायपोग्लायसीमिया' नीट म्हणतां येतें, तो ज्यास म्हणतां येत नाहीं त्यास हसूं लागतो. आमच्या खेड्यांतील एखादी म्हातारी न्यूमोनियास 'निमोनिया' म्हणेल. तिचें बोलणें डॉक्टरास समजलें, तर त्यांत कांहीं बिघडलें नाहीं. तिला हसूं नये. आपण उच्चार शिकतों तो कागदावरील शब्द ओळखतां यावा व डॉक्टरांचें बोलणें बरोबर पोंचवितां यावें म्हणून.

दुसरी मर्यादा. डायग्नोसिस, म्हणजे रोगाचें निदान, हा शब्द प्रेषितांच्या कृत्यांच्या पंचविसाव्या अध्यायांत आहे. तेथें त्याचा अर्थ न्यायाधीशाचा निर्णय. पौलानें आपला निर्णय कैसरानें करावा अशी मागणी केली, आणि सुभेदार फेस्त ह्यानें त्यास कैसराकडे पाठविण्याचें ठरविलें. उपदेशकानेंही तसेंच करावें. कागद वाचावा, शब्दाचा अर्थ सांगावा, परंतु निदान करूं नये, औषध सुचवूं नये. रोग्यास डॉक्टराकडे पाठवावें, आणि तो एकटा असेल तर त्याजबरोबर जावें. शब्द न समजला, तर "हा मला ठाऊक नाहीं, आपण विचारूं" असें सरळ म्हणावें. कागदांत वाचलेली गोष्ट मात्र कोणाकडेही बोलूं नये. ती त्या घराची ठेव आहे.

समजेल असे पांच शब्द अपरिचित भाषेंतील हजारों शब्दांपेक्षां आपण अधिक मोलाचे मानतों, असें पौलानें करिंथकरांस कळविलें. तें मंडळींतील बोलण्याविषयीं आहे खरें; परंतु रोग्याच्या बाजेजवळही त्याचा अनुभव येतो. कागदावरील मोठा शब्द वाचून मान डोलाविणारे पुष्कळ मिळतील. "बाई, ह्याचा अर्थ साखर उतरली आहे, आधीं गूळ द्या आणि मग निघा," असें सांगणारा एक मिळाला, तर एक जीव वांचेल.

अभ्यासाचे प्रश्न

१. मत्तय ९ मधील कोणत्या ग्रीक शब्दांपासून आजचे वैद्यकीय शब्द बनले? चार सांगा.
२. हायपर व हायपो ह्यांतील भेद एका निरक्षर मनुष्यास कसा समजावून द्याल?
३. तपासणीच्या कागदावर पॉझिटिव्ह असें आलें, तर त्याचा अर्थ काय?
४. कीटकनाशकाच्या बाटलीवरील चार रंग क्रमानें सांगा. हिरव्या रंगाविषयीं लोकांचा कोणता गैरसमज होऊं शकतो?
५. कागद वाचून दाखविणें व निदान करणें ह्यांत काय अंतर आहे? त्या अंतराच्या अलीकडे राहण्यासाठीं उपदेशकानें काय करावें?